जंगलातली झोपडी आणि विजेचं सबस्टेशन : एका विनोदी गेममध्ये बनलेल्या चित्रपटाचं प्रकरण

दोन पोरं पळतायत, मागे पोलीस आहेत. लपायला म्हणून पोरं एका आडोशाला शिरतात आणि तिथेच विजेचा धक्का बसून मरतात. नोव्हेंबर २००५ मध्ये इंटरनेटवर आलेल्या ‘द फ्रेंच डेमोक्रसी’ या तेरा मिनिटांच्या चित्रपटाची ही सुरुवात. खरी घटना घडली ती पॅरिसजवळच्या एका विजेच्या सबस्टेशनमध्ये. पडद्यावर मात्र झाडीतली एक झोपडी दिसते. ज्या व्हिडिओ गेममध्ये हा चित्रपट बनला, त्यात सबस्टेशनचा सेट नव्हता. झोपडीचा होता.

मी लघुपटाच्या कार्यशाळा घेतो. पहिल्या दिवशी पहिला प्रश्न ठरलेला असतो : “सर, कॅमेरा कुठला घेऊ?” त्यापाठोपाठ लेन्स, लाइट, माइक, आणि शेवटी बजेट. या प्रश्नांच्या पोटात एक भीती असते : आपल्याकडे काहीच नाही, मग आपण सुरुवात कशी करायची? मुलं हे खूप मनापासून विचारतात, म्हणून मी त्यांना हे प्रकरण सांगत आलो आहे. पण तोंडी सांगताना ते बऱ्याचदा “बघा, एका पोराने गेमवर पिक्चर बनवला” एवढ्यावरच संपतं, आणि खरी गोष्ट मागे राहते. म्हणून आज सविस्तर लिहितो आहे.

गेम कसा होता

गेमचं नाव ‘द मूव्हीज’. इंग्लंडमधल्या गिल्डफर्डच्या लायनहेड स्टुडिओने तो बनवला आणि ॲक्टिव्हिजनने नोव्हेंबर २००५ च्या दुसऱ्या आठवड्यात बाजारात आणला. लायनहेडचे संस्थापक पीटर मॉलिन्यू यांचं नाव तेव्हा गेमच्या जगात मोठं होतं. पुढच्या वर्षी या गेमला सिम्युलेशन विभागात बाफ्टा पुरस्कारही मिळाला.

खेळ सुरू होतो १९२० मध्ये. तुमच्या हातात एक मोकळी जागा आणि थोडे पैसे. तिथे स्टुडिओ उभारायचा, मूकपट काढायचे, मग बोलपट, मग रंगीत, असं करत दशकामागून दशकं पुढे जायचं. स्टुडिओच्या दारात कामासाठी लोकांची रांग लागते. तुम्ही माऊसने माणूस अलगद उचलायचा आणि हव्या त्या खोलीत नेऊन ठेवायचा. एका खोलीत ठेवला की नट, दुसरीत ठेवला की दिग्दर्शक, कचरा उचलायला ठेवला की सफाई कामगार. याच माणसाला उद्या उचलून पुन्हा नायक करता येतं. दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ च्या चित्रपटात तारामती झालेले अण्णा साळुंके ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात स्वयंपाकी होते, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना या खेळातली ही गंमत फार दूरची वाटणार नाही. चित्रपटधंद्याची सुरुवात सगळीकडे अशीच झाली आहे.

विनोदही याच मार्गाने येतो. नट थोडा प्रसिद्ध झाला की त्याचे नखरे सुरू होतात. त्याला मोठा ट्रेलर हवा, पगार वाढवून हवा, दुसऱ्याला मदतनीस दिला तर यालाही हवा. ताण वाढला की कुणी बारकडे वळतं, कुणी खात सुटतं. वय दिसायला लागलं की तोंडावर शस्त्रक्रिया. रेडिओवरचे निवेदक दर काळाला साजेशा आवाजात बडबड करत असतात. हे सगळं प्रेमाने केलेलं आहे. खेळणाऱ्याला हसू येतं, आणि हसता हसता सेटचा खर्च, लोकांच्या आवडीनिवडी, जुन्या झालेल्या सेटला प्रेक्षक कंटाळणं हे धंद्याचं गणितही कळत जातं.

आपल्या प्रकरणासाठी महत्त्वाचा आहे तो गेमचा दुसरा भाग. नुसता स्टुडिओ चालवायचा असेल तर गेम स्वतःच पटकथा लिहितो आणि स्वतःच चित्रपट काढतो. पण स्वतः पटकथा रचायची सोयही त्यात होती. आधी सेट निवडायचा. प्रत्येक सेटबरोबर ठरावीक प्रसंग मिळायचे : दोघे बोलतात, एक आत येतो, मारामारी होते, कुणी रडतं, कुणी मरतं. ते प्रसंग ओढून एका ओळीत ठेवायचे, त्यात पात्रं भरायची, कपडे चढवायचे. हा प्रसंग सौम्य करायचा की तीव्र, ते एक पट्टी सरकवून ठरवायचं. मग संकलन : नको तो भाग कापा, आवाज घाला, संगीत घाला, सबटायटल घाला. तयार झालेली फाइल गेमच्याच संकेतस्थळावर टाकता यायची.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्यायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. तुम्हाला हवी ती हालचाल या गेममध्ये बनवता येत नाही. बनवणाऱ्यांनी आधीच करून ठेवलेल्या हालचालींतूनच निवडावी लागते. आणि त्या हालचाली केल्या होत्या हॉलिवूडच्या जुन्या सिनेमांची नक्कल म्हणून, हसवण्यासाठी. अंतराळवीराचा पोशाख आहे, काउबॉयची टोपी आहे, भुताटकीचं वातावरण आहे. सेट अमेरिकन आहेत. पॅरिसचं उपनगर त्यात कुठेच नाही.

त्या आठवड्यांत फ्रान्समध्ये

२७ ऑक्टोबर २००५ च्या संध्याकाळी पॅरिसच्या पूर्वेकडच्या क्लिशी-सू-ब्वा या उपनगरात झियेद बेना आणि बुना त्राओरे ही दोन मुलं सबस्टेशनमध्ये विजेच्या धक्क्याने मरण पावली. एक १७ वर्षांचा, दुसरा १५ वर्षांचा. बरोबरचा तिसरा मुलगा भाजला, पण वाचला. मागे पोलीस लागले म्हणून तिघे आत लपले होते. त्या रात्रीपासून दंगली उसळल्या, आधी त्या गावात, मग देशभरातल्या उपनगरांत. सुमारे तीन आठवडे हे चाललं. नऊ हजारांच्या आसपास गाड्या जळाल्या. ८ नोव्हेंबरला सरकारने आणीबाणी जाहीर केली, तीही १९५५ च्या, अल्जीरियाच्या युद्धाच्या काळातल्या कायद्याखाली. उत्तर आफ्रिकेतून आलेल्या ज्यांच्या आईवडिलांनी तो कायदा तिकडे सोसला होता, त्यांच्याच मुलांवर तो इथे लागला. ही जखम किती खोल असेल, ते मी मुलांना मुद्दाम थांबून सांगतो.

जगभरच्या वाहिन्यांवर एकच चित्र फिरत होतं : रात्र, आग, तोंड झाकलेली पोरं. अमेरिकेतल्या काही माध्यमांत तर याला सरळ मुस्लिम दहशतवादाशी जोडून टाकलं जात होतं.

ॲलेक्स चॅन

ॲलेक्स चॅन सत्तावीस वर्षांचा होता. पॅरिसच्याच उपनगरी भागात राहणारा, हाँगकाँगहून आलेल्या आईवडिलांचा मुलगा, औद्योगिक डिझाइनचं काम करणारा. याआधी त्याने एकही चित्रपट केलेला नव्हता. दंगली त्याच्या घराच्या आसपासच चालू होत्या. गेम बाजारात आल्यावर साधारण दोन आठवड्यांत, २२ नोव्हेंबरला, त्याचा चित्रपट लोकांसमोर होता. प्रत्यक्ष बनवायला त्याला साधारण आठवडा लागला.

गोष्ट साधी आहे. सुरुवातीला त्या दोन मुलांचा मृत्यू. मग मोरोक्कन वंशाच्या तीन माणसांचे अनुभव : कागदपत्रं जवळ नाहीत म्हणून पोलिसांनी अडवणं, काम मिळू न देणं, रोजच्या जगण्यात पदोपदी संशयाने पाहिलं जाणं. मुलांच्या मृत्यूची बातमी त्यांच्यापर्यंत पोहोचते, प्रत्येकाला आपापलं आठवतं, आणि ते रस्त्यावर उतरतात.

निर्णय

चॅनने घेतलेल्या निर्णयांपैकी मला सर्वांत जास्त बोलायचं आहे ते झोपडीबद्दल.

त्याच्यापुढे तीन रस्ते होते. सबस्टेशनचा सेट नाही म्हणून तो प्रसंगच गाळायचा. किंवा नुसत्या सबटायटलमधून सांगायचं की दोन मुलं मेली. किंवा जे आहे त्यातलं काहीतरी उचलून ‘हेच सबस्टेशन’ म्हणायचं. पहिल्या दोन रस्त्यांनी चित्रपट नीटनेटका झाला असता. त्याने तिसरा घेतला. परिणाम असा की सुरुवातीचे काही क्षण प्रेक्षक गोंधळतो. अमेरिकेतल्या शहरासारखा दिसणारा रस्ता, हॉलिवूडछापाची पात्रं, झाडीतली झोपडी, आणि सांगितलं काय जातंय तर क्लिशी-सू-ब्वा. पण एकदा का त्याने ‘हे ते आहे’ असं ठामपणे म्हटलं, आणि पुढच्या प्रसंगातही तोच ठामपणा ठेवला, की आपण मान्य करतो.

कोकणातला दशावतार पाहिलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. एक लाकडी बाकडं. राजा बसला की सिंहासन, उभा राहिला की डोंगर. तमाशातल्या वगात एक फेरी मारली की गाव बदलतं. तिथे गरिबी झाकायचा प्रयत्न कुणी करत नाही. नट स्वतः बाकड्याला सिंहासन मानतो म्हणून आपण मानतो. त्याची जराशी चलबिचल झाली, “तेवढं समजून घ्या हो” असं डोळ्यांनी जरी म्हणाला, तरी बाकडं पुन्हा बाकडं होतं. माझ्या विद्यार्थ्यांच्या कमी पैशांतल्या फिल्म नेमक्या इथे घसरतात. बंगला नाही म्हणून दोन खोल्यांच्या घराचे कोपरे लपवून लपवून शॉट घेतात, आणि अख्खी फिल्म लपवाछपवीची होते. चॅनने काही लपवलं नाही.

दुसरा निर्णय भाषेचा. चित्रपट फ्रान्सबद्दल, करणारा फ्रेंच, तरी सबटायटल इंग्रजीत. त्याचं कारण त्याने तेव्हा वार्ताहरांना सांगितलं होतं : बाहेरच्या, विशेषतः अमेरिकन प्रेक्षकापर्यंत जे चुकीचं चित्र पोहोचत होतं, ते त्याला दुरुस्त करायचं होतं. त्याचं इंग्रजी कच्चं होतं. वाक्यरचना चुकते, शब्द अडखळतात. हे व्याकरण कुणाकडून तपासून घेतलं असतं तर बरं झालं असतं, असं पूर्वी मला वाटायचं. आता वाटत नाही. मोडक्या इंग्रजीतून एक माणूस घाईघाईने आपल्या गल्लीबद्दल परक्यांना काही सांगू पाहतो आहे, हे त्या चुकांमधूनच ऐकू येतं. शिवाय तपासून घेण्यात आणखी आठवडा गेला असता, आणि तोवर वाहिन्या पुढच्या बातमीकडे वळल्या असत्या.

वेळेचा हा मुद्दा कमी पैशांच्या चर्चेत कायम विसरला जातो. मोठ्या पैशाने चित्रपट चांगला होतो की नाही यावर वाद घालता येईल, पण तो उशिरा येतो हे नक्की. परवानग्या, तारखा, निर्मात्याचा होकार. दंगलीची राख गरम असताना त्या दंगलीवरचा कथात्म चित्रपट लोकांपुढे आणणं एखाद्या स्टुडिओला जमलं नसतं. इथे एका माणसाला ते जमलं, ते एका विनोदी खेळामुळे.

जिथे तो कमी पडतो

हे प्रकरण सांगताना त्याची आरती ओवाळायचा मोह होतो. पण चित्रपट म्हणून तो कच्चा आहे आणि ते मोकळेपणाने बोलायला हवं.

सर्वांत मोठी अडचण हावभावांची. गेममधली पात्रं मूकपटातल्या नटांसारखी सगळंच वाढवून करतात. राग आला की हात उडतात, दुःख झालं की खांदे पडतात. हसवायला हे चपखल. पण नोकरी नाकारल्यावर माणूस असा नसतो. तो “ठीक आहे” म्हणतो, फाइल उचलतो, दार हळू लावतो. ती शांतता या गेमच्या हालचालींत नव्हतीच, त्यामुळे चित्रपटातही नाही. तीव्रतेची पट्टी कितीही खाली आणली तरी बाहुल्यांना गप्प बसता येत नाही. साधन स्वस्तात मिळतं, पण ज्याने ते बनवलं त्याच्या सवयी त्याच्याबरोबर येतात. मोबाइलवर आजची मुलं तयार टेम्प्लेट आणि तयार संगीत वापरून रील बनवतात, तेव्हाही हेच होतं. आईच्या आजारपणावरच्या फिल्मला मोटरसायकलच्या जाहिरातीचा ताल लागतो आणि करणाऱ्याच्या लक्षातही येत नाही.

दुसरी त्रुटी लिखाणाची आहे. पोलीस इथे फक्त गणवेश म्हणून येतात. आणि त्या माणसांना आग लावावीशी का वाटली हे कळतं, पण ज्या शेजाऱ्याची गाडी जळाली तो कुठेच नाही. तोही बहुधा त्याच इमारतीत राहणारा, त्याच अपमानांतून गेलेला असणार. त्याच्यासाठी एक मिनिट काढलं असतं तर चित्रपट कितीतरी खोल झाला असता. त्यासाठी नवा सेट लागला नसता. हे मी मुलांना आवर्जून सांगतो, कारण बजेटवर ढकलता येणार नाही अशी ही उणीव आहे.

मालकी

चित्रपट पसरला. अमेरिकेतल्या मोठ्या वर्तमानपत्रांनी आणि एमटीव्हीनेही दखल घेतली. गेममधली दृश्यं वापरून चित्रपट करण्याच्या प्रकाराला ‘मशिनिमा’ म्हणतात. त्याची सुरुवात १९९६ च्या सुमारास झाली होती आणि २००३ पासून ‘रेड व्हर्सेस ब्लू’ ही विनोदी मालिका लोकप्रिय होती. पण तोवर मशिनिमा हा गेमवेड्यांनी गेमवेड्यांसाठी केलेला प्रकार मानला जायचा. दंगलीवरच्या तेरा मिनिटांनी तो एकदम बातम्यांच्या पानावर आला.

मात्र त्या तेरा मिनिटांत दिसणारी एकही वस्तू चॅनची नव्हती. रस्ता, झोपडी, पात्रांच्या चालण्याबोलण्याच्या लकबी, सगळं गेमच्या कंपनीचं. शब्द आणि क्रम तेवढा त्याचा. असा चित्रपट कंपनीच्या परवानगीशिवाय विकता येत नाही. आणि जिथे तो पहिल्यांदा टाकला गेला ते गेमचं संकेतस्थळ २००८ मध्ये बंद झालं. हजारो लोकांनी वेळ देऊन, जीव ओतून बनवलेले छोटे चित्रपट तिथे होते. ज्यांनी आपली प्रत दुसरीकडे ठेवली नव्हती, त्यांचं काम गेलं. लायनहेडही २०१६ मध्ये बंद पडला. चॅनचा चित्रपट आज पाहता येतो तो लोकांनी त्याच्या प्रती इतरत्र जपल्या म्हणून. मला या प्रकरणातली ही सर्वांत दुःखाची गोष्ट वाटते. आपण काय बनवलं याइतकंच ते कुठे ठेवलं हे महत्त्वाचं आहे. माझ्या कार्यशाळेत कच्चं फुटेज दोन ठिकाणी साठवल्याशिवाय मी कुणाला घरी जाऊ देत नाही. मुलं कुरकुरतात, मी ऐकत नाही.

वर्गात

मागच्या एका तुकडीला मी आधी काहीच न सांगता चित्रपट लावला. पहिल्या मिनिटाला मागच्या बाकांवर हसू फुटलं. बाहुल्या पाहून ते साहजिक होतं. चौथ्या-पाचव्या मिनिटाला हसू थांबलं. तेरा मिनिटं झाल्यावर मी दिवे लावले आणि वाट पाहिली. मला वाटलं, नेहमीप्रमाणे सॉफ्टवेअरचं नाव विचारतील, मोबाइलवर चालेल का विचारतील.

पहिल्या रांगेतल्या एका मुलीने विचारलं, “सर, ती पोरं पळत का होती?”

मी सांगितलं : मित्रमित्र फुटबॉल खेळून परत येत होते. रमजानचे दिवस होते, संध्याकाळ झाली होती, घरी जायची घाई. वाटेत एका बांधकामाच्या जागी कुणी घुसल्याची तक्रार कुणीतरी केली होती, म्हणून पोलीस आले. त्यांना पाहून मुलं पळाली. त्यांनी काही चोरलेलं नव्हतं.

“आणि पोलिसांचं काय झालं?”

दोन पोलिसांवर खटला चालला. २०१५ मध्ये, म्हणजे जवळजवळ दहा वर्षांनी, ते निर्दोष सुटले.

ती थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, “परत लावता का? सुरुवातीचं, झोपडीचं.”

मी परत लावला.